चंद्रकांतेचे वाचक



अध्यक्षाने ग्रंथालय चळवळीचा आढावा घ्यावा, अनुदानाचे रडगाणे गावे आणि वाचनसंस्कृती लोप पावत असल्याची खंत व्यक्त करून पाण्याचा घोट घ्यावा, असा आपल्या अधिवेशनांचा रिवाज आहे. यंदाचा अध्यक्ष तो मोडणार आहे. तो एका कादंबरीवर बोलणार आहे. तीही मराठी नव्हे, हिंदी. आणि तीही अशी, की जिला हिंदीतल्या सर्वांत वजनदार समीक्षकाने साहित्याच्या पंगतीत पाट मांडू दिला नाही. देवकीनंदन खत्री यांची ‘चंद्रकांता’.

निमित्त अगदी घरगुती आहे. प्रस्तुत अध्यक्ष ज्या तालुक्याच्या गावी वाचनालय सांभाळतो, तिथे रेल्वेमुळे हिंदी बोलणारी वस्ती पूर्वीपासून आहे. दोन वर्षांपूर्वी बाद करायच्या पुस्तकांची यादी करताना हिंदीचे कपाट उघडले. अनेक खंडांच्या पुस्तकाची गत काय असते, हे इथे बसलेल्या कोणालाही सांगायला नको. पहिला खंड खिळखिळा, दुसऱ्याचे कोपरे दुमडलेले, तिसऱ्याला जेमतेम हात लागलेला आणि शेवटच्याची पाने अजून एकमेकांना चिकटलेली. वाचक कुठे थकला ते पुस्तक न उघडताही कळते. ‘चंद्रकांते’ची पुढची गोष्ट सांगणाऱ्या ‘चंद्रकांता संतति’चे सहा खंड मात्र सारखेच मळलेले होते. सहाव्याचा पुठ्ठा तर पहिल्याच्याही आधी सुटला होता. तारखांच्या चिठ्ठीवर शिक्क्यांची इतकी गर्दी, की वर दुसरी चिठ्ठी डकवलेली आणि तिच्यावर तिसरी. दाखल नोंदवहीत या पुस्तकाचा विषय एकाच शब्दात लिहिला होता : ‘किरकोळ’.

या किरकोळ पुस्तकाची हकीकत अशी.

देवकीनंदन खत्री यांचा जन्म 1861चा, बिहारमधल्या पूसा या गावचा. शिक्षणाची सुरुवात उर्दू-फारसीने झाली. हिंदी आणि संस्कृत नंतर, काशीला आल्यावर. गयेजवळच्या टिकारी संस्थानाशी त्यांचा कामधंद्याचा संबंध होता. पुढे काशीनरेशांकडून त्यांना चकिया आणि नौगढच्या जंगलांचा ठेका मिळाला. म्हणजे हा माणूस लाकूडफाट्याचा ठेकेदार. विंध्याच्या त्या रांगेत दऱ्या, धबधबे, गुहा, पडके किल्ले आणि ओसाड वाडे पावलोपावली. ठेकेदाराला जंगल पायाखालून घालावे लागते. कोणता नाला कुठे उतरतो आणि कोणत्या खोहीतून पलीकडे निघता येते, हे ठाऊक नसले तर धंदा बुडतो. काही वर्षांनी ठेका सुटला. हाताशी वेळ होता आणि डोक्यात जंगल होते. 1888च्या सुमारास ‘चंद्रकांता’ छापून बाहेर येऊ लागली.

गोष्ट तशी साधी. नौगढचा राजपुत्र वीरेंद्रसिंह आणि विजयगढची राजकन्या चंद्रकांता यांचे एकमेकांवर प्रेम. विजयगढच्या दिवाणाचा मुलगा क्रूरसिंह याचाही चंद्रकांतेवर डोळा. (नावातच स्वभाव सांगून टाकायची ही रीत कीर्तनकारांना पसंत पडावी, या क्रूरसिंहाच्या बापाचे नाव कुपथसिंह आहे.) डाव फसल्यावर क्रूरसिंह चुनारच्या राजा शिवदत्ताला जाऊन मिळतो आणि दोनाची भांडणे तिनावर जातात. एवढेच असते तर ‘चंद्रकांता’ कधीच रद्दीत गेली असती. पण प्रत्येक राजाच्या पदरी ऐयार आहेत, आणि जंगलात एक तिलिस्म आहे.

ऐयार म्हणजे काय, हे मराठी माणसाला एका शब्दात सांगायचे तर बहुरूपी आणि हेर यांची बेरीज. बहिर्जी नाईकांच्या गोष्टींवर वाढलेल्याला तो चटकन ओळखीचा वाटेल. वेषांतर करावे, गाता-वाजवता यावे, शस्त्र चालवता यावे, कोसच्या कोस धावता यावे आणि औषधे घोटता यावीत. त्याच्या कमरेला बटवा असतो. त्यात बेशुद्ध करणारी पूड, शुद्धीवर आणणारा लखलखा नावाचा हुंगायचा पदार्थ, चेहरा रंगवायचे सामान. खांद्यावर कमंद, म्हणजे भिंतीवर फेकून चढायचा दोर. वीरेंद्रसिंहाचा ऐयार तेजसिंह हा बटवा उघडतो तेव्हा वाचक सरसावून बसतो. ऐयाराला पकडले तरी ठार मारायचे नाही, कैदेत टाकायचे, असा दंडकही आहे. त्यामुळे कोणीही कायमचा हरत नाही आणि खेळ चालू राहतो. खत्रींनी आपल्या प्रस्तावनेत सांगितले आहे, की राजदरबारी असे लोक असत, रक्त न सांडता ते लढाया मिटवू शकत, आणि हिंदीत त्यांच्यावर कोणी लिहिलेले नाही म्हणून हा खटाटोप.

कादंबरीची सुरुवात पाहण्यासारखी आहे. संध्याकाळची वेळ, ओसाड मैदान, टेकडीखाली खडकावर बसून बोलणारे दोघे जण. क्रियापदे वर्तमानकाळात. ना वंशावळ, ना नगरवर्णन, ना सरस्वतीस्तवन. गोष्ट सांगणारा वाचकाच्या मनगटाला धरून त्या टेकडीखाली नेतो आणि सांगतो, ऐका ते काय बोलताहेत. प्रकरणाला प्रकरण म्हटलेले नाही, ‘बयान’ म्हटले आहे; जणू कोणी साक्षीदार जबानी देतो आहे. बयान दोन-चार पानांचे. नेमका कोणी दरवाजा ढकलतो तिथे ते तुटते आणि पुढचे बयान दुसऱ्याच राज्यात, दुसऱ्याच माणसांपाशी सुरू होते. आज मोबाइलवर मालिका पाहणाऱ्या मुलांना हे तंत्र नवे वाटत नाही. हिंदी गद्याला 1888मध्ये ते नवे होते. त्याआधी सहा वर्षे, 1882 साली, लाला श्रीनिवासदासांचे ‘परीक्षा गुरु’ आले होते. पहिली हिंदी कादंबरी म्हणून अभ्यासक्रमात त्याला मान आहे. दिल्लीच्या सावकारपुत्राला वाईट संगतीचे फळ मिळते, असा तिचा बोध. मानाला ती नक्कीच पात्र आहे. रात्री दिवा मोठा करून कोणी तिची पाने उलटली असतील, असे मात्र ती वाचताना वाटत नाही.

आता तिलिस्म. शब्द अरबी, त्याचे मूळ ग्रीक. अर्थ असा की कोणा पूर्वजाने खजिना पुरून त्याच्याभोवती उभारलेली चक्रव्यूहासारखी इमारत, जी ठरलेल्या वारसालाच उघडता येते. ही कल्पना खत्रींची नव्हे. अमीर हमजाच्या दास्तानी शतकानुशतके सांगितल्या जात होत्या. अकबराने त्यांच्यावर चौदाशे चित्रांचा ‘हमजानामा’ करवून घेतला. खत्री लिहायला बसले त्याच दशकात, 1883पासून, लखनौच्या नवलकिशोर छापखान्याने ‘तिलिस्म-ए-होशरुबा’चे जाडजूड खंड काढायला घेतले होते, मुहम्मद हुसेन जाह आणि अहमद हुसेन कमर हे ते सांगणारे. हमजाची ही सगळी माला पुढे 46 खंडांपर्यंत गेली. लहानगा प्रेमचंद गोरखपूरच्या एका पुस्तकविक्रेत्याच्या दुकानात बसून हेच वाचत असे आणि त्या बदल्यात शाळेतल्या मुलांना त्याची परीक्षेची मार्गदर्शके विकून देई. हा तपशील खुद्द प्रेमचंदांनी लिहून ठेवला आहे. वाचनालय नसलेल्या मुलाने उभारलेले ते त्याच्यापुरते वाचनालयच.

होशरुबात मात्र जादूगार आहेत, मंत्र आहेत, हवेत उडणारे महाल आहेत. खत्रींनी उर्दूतून तिलिस्म घेतला, ऐयारही घेतले आणि जादू मागे ठेवली. ‘चंद्रकांते’च्या तिलिस्मात चबुतऱ्यावर झोपलेला दगडी माणूस आहे. दगडाचा एक प्रचंड बगळा आहे, जो जवळ येणाऱ्याला चोच उघडून गिळून टाकतो. पहिल्यांदा वाचताना अंगावर काटा येतो. पुढे उलगडा होतो तेव्हा मंत्र निघत नाही, कारागिरी निघते : कळी, मसाले, भुयारे, औषधे. ‘संतती’त तर तारा आणि विजेसारख्या झटक्यांपर्यंत मजल जाते. हे शक्य तरी आहे का, असे लोक विचारू लागले, आणि खत्रींना त्याला उत्तरे द्यावी लागली. आगगाडी आणि तारायंत्र नुकतेच गावात आलेल्या पिढीला शक्य-अशक्याची रेघ कुठे ओढायची, हे खरोखरच अवघड गेले असणार. प्रस्तुत अध्यक्षाच्या मते खत्रींची खरी करामत हीच. अद्भुताला त्यांनी पंचाक्षऱ्याकडून काढून घड्याळजीच्या हाती दिले.

आता मुद्द्याचे. ही पुस्तके कोणी वाचली?

त्या काळात वायव्य प्रांतात कचेरीची आणि पोटाची भाषा उर्दू होती. शिकलेला माणूस, हिंदू असो की मुसलमान, फारसी लिपीत लिहिणारा. घरात तुळशीदास नागरीत असले तरी अर्ज-फाटे उर्दूत. नागरीसाठी सभा, ठराव, शिष्टमंडळे चालू होती. काशीची नागरी प्रचारिणी सभा 1893ची. कचेऱ्यांत नागरीलाही मुभा देणारा मॅक्डॉनल यांचा हुकूम 18 एप्रिल 1900चा. या सगळ्या खटपटीच्या आधीपासून आणि तिला समांतर, एक माणूस काशीत बसून तेजसिंहाने कोणाला बेशुद्ध केले ते लिहीत होता, आणि पुढचा भाग कळावा म्हणून उर्दू जाणणारे लोक नागरी अक्षरे गिरवत होते. ही दंतकथा म्हणून सोडून देता येत नाही, कारण ती रामचंद्र शुक्लांनी आपल्या हिंदी साहित्याच्या इतिहासात नोंदवली आहे, आणि शुक्ल हे काही खत्रींचे चाहते नव्हते. 1929च्या त्या ग्रंथात त्यांनी साफ म्हटले, की या कादंबऱ्या घटनांच्या आहेत, त्यांत रस आणि चरित्रचित्रण नाही, त्यांना साहित्याच्या कोटीत धरता येणार नाही. आणि त्याच दमात कबूल केले, की हिंदीचे जितके वाचक या माणसाने तयार केले तितके दुसऱ्या कोणीच केले नाहीत. ती वाचता वाचता कित्येक जण लेखकही झाले.

शुक्लांच्या या दोन वाक्यांमधल्या जागेत आपण सगळे ग्रंथपाल उभे आहोत.

शुक्लांच्या निवाड्याचा पहिला अर्धा पाठ्यपुस्तकात गेला आणि दुसरा तळटीप होऊन राहिला. खरे तर उलट व्हायला हवे होते. प्रेमचंदांच्या हिंदी कादंबऱ्या 1910च्या दशकाच्या शेवटी येऊ लागल्या तेव्हा त्या विकत घेणारा, जाड पुस्तकाला न घाबरणारा, सलग गोष्ट वाचायची सवय लागलेला वाचक बाजारात आधीच हजर होता. तो आभाळातून पडला नव्हता. खत्रींनी 1898 साली काशीत लहरी प्रेस काढला, नंतर ‘सुदर्शन’ मासिक चालवले, ‘संतति’ची चोवीस भागांची गाडी वर्षानुवर्षे हाकली. भाग येतो, संपतो आणि माणूस पुढच्या भागाची वाट पाहू लागतो. ही वाट पाहणे हेच वाचकाचे प्रशिक्षण होते. भाषाही त्यांनी तशीच ठेवली : संस्कृताने जड नाही, फारसीने बोजड नाही, बाजारात बोलली जाते तशी. शुद्धतेचे कैवारी दोन्ही बाजूंनी नाराज. वाचकाला मात्र शब्दकोश उघडावा लागत नव्हता.

याच सुमाराला मराठीत काय चालले होते? योगायोग पाहा. खत्रींच्या जन्माच्याच वर्षी, 1861 साली, लक्ष्मणशास्त्री हळबे यांची ‘मुक्तामाला’ आली. तिच्यामागून 1868मध्ये नारो सदाशिव रिसबूड यांची ‘मंजुघोषा’. राजपुत्र, राजकन्या, भुयारे, विरह, अद्भुत योगायोग. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी मराठीत आणल्या. म्हणजे अद्भुताच्या वाटेवर मराठी हिंदीच्या पुढे होती. मग 1890 साली हरिभाऊ आपट्यांनी ‘करमणूक’ सुरू केले आणि त्यातून यमूची कहाणी क्रमशः येऊ लागली. काशीत चपला नावाची ऐयार बाई वेष पालटून मैत्रिणीला सोडवायला निघाली होती, त्याच काळात पुण्यात यमूचे केशवपन होत होते. आपल्या वाङ्मयाने यमूचा हात धरला आणि ते योग्यच केले. पण त्या भरात अद्भुताला आपण जे हाकलले, ते हाकललेच. नाथमाधवांची ‘वीरधवल’ लोकांनी डोक्यावर घेतली. समीक्षकांनी तिच्याकडे लहान मुलाच्या हट्टाकडे पाहावे तसे पाहिले. बाबूराव अर्नाळकरांनी हजाराहून अधिक पुस्तके लिहिली आणि पिढ्यान्‌पिढ्या वाचनालयांची वर्गणी त्यांच्या जोरावर जमा झाली. हे या सभागृहातल्या प्रत्येकाला ठाऊक आहे. ताळेबंदात दिसते, अहवालात येत नाही.

चपलेचे नाव निघाले तर दोन शब्द तिच्यावर. कादंबरीचे नाव चंद्रकांतेचे असले तरी काम चपला करते. राजकन्येच्या वाट्याला बहुतेक वेळ रडणे आणि कैदेत पडणे आहे. चपला मात्र औषधे बनवते, वेष घेते, शत्रूच्या किल्ल्यात शिरते आणि तेजसिंहाला तोडीस तोड उतरते. 1888मधल्या पुरुष लेखकाने मैत्रिणीच्या पात्राला हे सगळे करू दिले आणि नायिकेला करू दिले नाही, यात त्याचा काळही दिसतो आणि त्याची खोडीही.

दोष सांगायचे तर तेही आहेत, आणि अध्यक्ष ते लपवणार नाही. दर दहा पानांना कोणी ना कोणी बेशुद्ध पडते. शेवटी शेवटी तर शुद्धीत कोण उरले आहे याची मोजदाद ठेवावी लागते. एका ऐयाराने दुसऱ्याचे रूप घ्यायचे, दुसऱ्याने तिसऱ्याचे, आणि ओळख पटायला खुणेचा शब्द विचारायचा. हे पन्नासाव्यांदा होते तेव्हा लेखकही थोडा पेंगला असावा. हे क्षम्य आहे. दुसरा दोष तितका क्षम्य नाही. क्रूरसिंहाचे दोन दुष्ट ऐयार नाझिम आणि अहमद आहेत. ज्या उर्दू दास्तानीच्या विहिरीतून खत्रींनी पोहरे भरभरून पाणी काढले, ऐयार हा शब्द जिचा, तिलिस्म जिचा, लखलखा आणि कमंद जिची, तिच्याकडची नावे त्यांनी खलांच्या कपाळी लावली. लिपीचा झगडा त्या प्रांतात धर्माचा झगडा होत चालला होता, त्याची काजळी या निरागस दिसणाऱ्या गोष्टीलाही लागली. ‘चंद्रकांता’ वाचायला देताना शेजारी ‘होशरुबा’ही ठेवावी असे अध्यक्षाचे मत आहे. दिल्लीचे मीर बाकर अली 1928मध्ये गेले आणि दास्तानगोईची जुनी परंपरा त्यांच्याबरोबर थांबली. 2005पासून शम्सुर्रहमान फारुकी यांच्या प्रेरणेने महमूद फारुकी आणि त्यांच्या सोबत्यांनी ती पुन्हा रंगमंचावर आणली, आणि पांढऱ्या अंगरख्यातल्या दोन माणसांच्या तोंडून अमर नावाच्या ऐयाराच्या झोळीच्या करामती ऐकायला लोक आजही तिकीट काढून येतात.

आता थोडे भूगोलाकडे. कारण या कादंबरीने माणसेच नव्हे, किल्लेही बदलले.

नौगढ आज चंदौली जिल्ह्यात आहे. शेजारी चंद्रप्रभा अभयारण्य, राजदरी आणि देवदरीचे धबधबे. विजयगढ सोनभद्र जिल्ह्यात, चुनार मिर्झापुरात गंगेच्या काठावर, रोहतासगढ बिहारात. सगळे खरे. चुनारचा किल्ला शेरशहाने पाहिला, मोगलांनी पाहिला; 1781च्या ऑगस्टात काशीचा राजा चेतसिंहाने उठाव केला तेव्हा वॉरन हेस्टिंग्ज जीव घेऊन याच चुनारला पळाला होता. इतका इतिहास असलेल्या किल्ल्यात आलेला प्रवासी मात्र शिवदत्ताची कैद कोणती ते विचारतो. विजयगढाची तर ओळखच चंद्रकांतेचा किल्ला अशी झाली आहे. ज्या राजकन्येने कधी जन्म घेतला नाही तिचा महाल लोक बोट दाखवून सांगतात.

यात एक गोष्ट अध्यक्षाला फार दिवस सतावत होती. तिलिस्माचा सगळा आशय असा, की पूर्वजांचा खजिना सुरक्षित आहे, परक्याचा हात लागला तर यंत्र त्याला गिळेल, आणि योग्य वारस येईल तेव्हाच दरवाजा उघडेल. आता खऱ्या विजयगढाचा इतिहास पाहावा. चेतसिंहाच्या घराण्याचा खजिना याच गडावर होता. 1781च्या नोव्हेंबरात मेजर पॉपमने गड घेतला, आणि तिथे सापडलेला पैसा कंपनीच्या फौजेने जागच्या जागी आपसांत वाटून टाकला. हेस्टिंग्जच्याही हाती तो लागला नाही, म्हणून तो चडफडला. यंत्र हलले नाही. दगडी बगळ्याने चोच उघडली नाही. वारस देशोधडीला लागला. त्यानंतर शंभर-सव्वाशे वर्षांनी, चेतसिंहाला हटवून गादीवर बसवलेल्या शाखेतल्या राजाकडून जंगलाचा ठेका घेतलेला एक माणूस त्याच डोंगरांत हिंडला आणि त्याने अशी गोष्ट लिहिली, जिच्यात खजिना शाबूत आहे. खत्रींच्या मनात हे होते की नव्हते, याला पुरावा नाही. हा अध्यक्षाचा तर्क समजावा. पण काशी-मिर्झापूरच्या पहिल्या वाचकांच्या आजोबा-पणजोबांनी ती लूट ऐकली असणारच. त्यांच्या कानांना विजयगढ आणि खजिना हे शब्द शेजारी शेजारी आल्यावर काय ऐकू आले असेल?

खत्री 1913च्या 1 ऑगस्टला गेले. ‘भूतनाथ’ अर्धवट राहिली होती. हा भूतनाथ ‘संतती’तला सर्वांत मोठा माणूस : ना धड नायक, ना धड खलनायक, जुन्या पापांचे कागद दुसऱ्याच्या हाती लागलेला, अब्रू धुऊन काढण्यासाठी आयुष्यभर धडपडणारा ऐयार. शुक्लांना चरित्रचित्रण दिसले नाही ते त्यांनी इथे शोधायला हवे होते. मुलगा दुर्गाप्रसाद याने ती कादंबरी पुरी केली. वडिलांनी जादूच्या जागी यंत्र ठेवले. मुलाने स्वतःच्या कादंबऱ्यांत त्या यंत्राला पुढे प्रयोगशाळेत आणि क्रांतिकारकांच्या तळघरात नेले. गोपालराम गहमरी 1900 साली ‘जासूस’ मासिक काढून बसलेच होते. ऐयाराने फेटा उतरवून टोपी घातली आणि तो गुप्तहेर झाला. अलाहाबादेत 1952पासून इब्ने सफींनी जे जग उभे केले, ते वाचणाऱ्यांना हे नाते सांगावे लागत नाही.

दूरदर्शनवर ‘चंद्रकांता’ 1994मध्ये आली. नीरजा गुलेरी यांची निर्मिती, पटकथेला कमलेश्वर. रविवारी सकाळी ती लागली की आपल्याकडेही, हिंदी धड न बोलणाऱ्या घरांतसुद्धा, पोह्यांच्या बशा हातात तशाच राहत. अखिलेंद्र मिश्रांचा क्रूरसिंह भुवया नाचवत ‘यक्कू’ म्हणे, आणि सोमवारी शाळेच्या मधल्या सुट्टीत साऱ्या महाराष्ट्रात यक्कू सुरू. बद्रीनाथ ऐयाराच्या कामात एक बारीक, मोठ्या डोळ्यांचा नट होता. त्याचे नाव इरफान, हे पुढे जगाला कळले. मालिकेने कादंबरीशी इमान राखले असे मात्र म्हणता येणार नाही. खत्रींनी मेहनतीने बाहेर ठेवलेले जादूटोणे मागच्या दाराने आत आले. घड्याळजीकडे दिलेले अद्भुत पुन्हा पंचाक्षऱ्याकडे गेले. तरी नाव टिकले. 2017 साली दोन वेगवेगळ्या वाहिन्यांनी एकाच वर्षी दोन ‘चंद्रकांता’ काढल्या, आणि 2018मध्ये लष्करी हेरांवरच्या एका चित्रपटाचे नाव ‘अय्यारी’ ठेवले गेले. सव्वाशे वर्षांनी हा शब्द फलकावर लावला तर तिकीट खपेल, असे कोणा निर्मात्याला वाटले, ही पोचपावती कमी नाही.

तेव्हा, त्या यादीचे काय झाले ते सांगून अध्यक्ष आपली रजा घेतो. ‘संतति’चे सहाही खंड बाद झाले नाहीत. बांधणीवाल्याकडे गेले, नवे पुठ्ठे, नवी शिवण, पाठीवर कापडाची पट्टी. खर्चाला कार्यकारी मंडळात हरकत निघाली. एका सदस्याने विचारले, की हे कोण वाचतो? देवघेव खिडकीवर बसणाऱ्या बाईंनी रजिस्टर पुढे सरकवले. सध्या पहिला खंड बाजारपेठेत हमाली करणाऱ्या एका तरुणाच्या नावावर आहे. तो मूळचा सोनभद्रचा. गावाकडचा किल्ला पुस्तकात आहे असे त्याला कोणी तरी सांगितले होते. शाळा चौथीत सुटलेली. वाचताना त्याचे ओठ हलतात आणि बोट ओळीखालून सरकते. पंधरा दिवसांची मुदत त्याने तीनदा वाढवून घेतली आहे. दंड आकारलेला नाही. मागच्या आठवड्यात तो खिडकीपाशी आला आणि पुस्तक परत न देताच विचारून गेला, की दुसरा खंड कोणी नेलेला नाही ना.